बस्ती जिल्ह्यातला माणूस

कपाटाच्या तळच्या खणात माझ्या नोकरीतल्या कात्रणांची फाइल आहे. निवृत्त झाल्यावर ती नीट लावायची असं ठरवलं होतं, ते राहून गेलं होतं. गेल्या वर्षी एका दुपारी ती काढली आणि त्यातली तीन कात्रणं पलंगावर शेजारी शेजारी ठेवली. त्यानंतर फाइल लावायचं काम पुढे गेलं नाही.

पहिलं कात्रण मे २००० मधलं. प्रशांत महासागरातल्या फिजी देशात बंडखोरांनी संसदेत घुसून पंतप्रधान महेंद्र चौधरी यांना ओलीस धरलं, त्यावर मी लिहिलेला अग्रलेख. एकशे एकवीस वर्षं ज्यांच्या पिढ्या त्या मातीत राबल्या त्यांना परकं कोण आणि कशाच्या जोरावर म्हणणार, असं त्यात आहे. दुसरं डिसेंबर २००६ मधलं, पुन्हा फिजीवरच, पण स्फुट. तिसरं फेब्रुवारी २००८ चं. त्यात फिजीचं नावही नाही. मुंबईत उत्तर भारतीय टॅक्सीवाल्यांना आणि फेरीवाल्यांना मारहाण झाली त्या आठवड्यात लिहिलेल्या या टिपणाचा मथळा आहे ‘भूमिपुत्रांच्या संयमाचा अंत’. मथळाही माझाच. मारहाणीचा निषेध पहिल्याच वाक्यात आटोपला आहे आणि उरलेल्या चौदा ओळींत ती का झाली हे समजावून सांगितलं आहे.

तिन्ही मजकूर मनापासून लिहिले होते. हेच मला जास्त लागतं. कुणी दडपण आणलं असतं, मालकाचा निरोप आला असता, तर आज त्यामागे लपता आलं असतं.

फिजीशी माझा संबंध १९८७ मध्ये जुळला, तोही टेलिप्रिंटरवरून. १४ मे, गुरुवार. मी दिवसपाळीला होतो आणि परदेशच्या बातम्या माझ्याकडे होत्या. सुव्हा शहरात सकाळी दहाच्या सुमारास तोंडं झाकलेले सैनिक संसदेत शिरले आणि त्यांनी सगळ्या सरकारला बाहेर नेलं. त्यांचा म्होरक्या लेफ्टनंट कर्नल सितिवेनी राबुका तेव्हा साध्या कपड्यांत प्रेक्षकांच्या गॅलरीत बसला होता. मी बातमी केली आणि मथळा दिला : ‘फिजीतील भारतीयांचे सरकार उलथवले’.

तो मथळा चुकीचा होता. उलथवलेल्या सरकारचे पंतप्रधान डॉ. टिमोथी बावाद्रा भारतीय वंशाचे नव्हते. ते तिथले मूळ रहिवासी होते, पश्चिम फिजीतल्या विसेइसेई गावचे डॉक्टर. मोठ्या सरदारघराण्यातलेही नव्हते. कामगार पक्ष काढून, भारतीय वंशाच्या लोकांच्या पक्षाशी हातमिळवणी करून ते निवडून आले होते आणि जेमतेम महिनाभर सत्तेवर होते. स्वातंत्र्यापासून सतरा वर्षं राज्य केलेल्या पूर्वेकडच्या सरदारांच्या हातून सत्ता प्रथमच निसटली होती. म्हणजे त्या बंडात मूळ रहिवासी मूळ रहिवाशाविरुद्ध उभा होता, पूर्व पश्चिमेविरुद्ध होती, सरदार सामान्याविरुद्ध होते. हे सगळं तारेत आलं होतं. मी ते शेवटच्या परिच्छेदात ढकललं आणि जागा कमी पडली म्हणून तो परिच्छेद कापला. ‘आपल्या माणसांवर अन्याय’ एवढीच गोष्ट मला सांगायची होती आणि बावाद्रा त्या गोष्टीत बसत नव्हते. १९८९ मध्ये ते कर्करोगानं गेले. तेव्हाही मी त्यांच्यावर दोन ओळी लिहिल्या नाहीत.

आपल्या माणसांची कहाणी मात्र मी तळमळीनं जमवली. लिओनिदास हे जहाज १८७९ च्या मे महिन्यात, चौदा तारखेलाच, ४६३ भारतीय मजुरांना घेऊन फिजीला लागलं. राबुकाच्या बंडाचीही तीच तारीख. १९१६ पर्यंत ८७ फेऱ्यांत साठ हजारांवर माणसं गेली. पाच वर्षांच्या ‘ॲग्रीमेंट’चा त्यांच्या तोंडी ‘गिरमिट’ झाला आणि ती झाली गिरमिटिया. पुरुषाला दिवसाला एक शिलिंग, बाईला नऊ पेन्स, आणि तेही नेमून दिलेलं काम पुरं झालं तर. राहायला दहा फूट बाय सात फुटांची खोली, एकीत तीन एकटे पुरुष किंवा एक कुटुंब. कंपनी ऑस्ट्रेलियन साखरवाल्यांची. १९१३ मध्ये कुंती नावाच्या बाईनं मुकादमाच्या तावडीतून सुटण्यासाठी नदीत उडी घेतली. ती वाचली, तिची कहाणी भारतातल्या वर्तमानपत्रांत आली आणि देश हलला. तोताराम सनाढ्यांनी फिजीतल्या एकवीस वर्षांच्या अनुभवांचं पुस्तक १९१४ मध्ये हिंदीत छापलं. त्याआधी, ४ मार्च १९१२ रोजी, कायदे मंडळात ही मजूरभरती पुरती बंद करावी असा ठराव गोपाळ कृष्ण गोखल्यांनी मांडला होता. सरकारनं तो फेटाळला.

गोखल्यांचा उल्लेख मी २००० च्या अग्रलेखात छाती फुगवून केला होता. रत्नागिरी जिल्ह्यातल्या कोतळूकचा माणूस, आमच्या कोकणातला! आज तो परिच्छेद वाचवत नाही. फिजीची जहाजं सुटत ती कलकत्त्याहून आणि पुढे मद्रासहूनही. आमच्या मुंबई बंदराचा त्यांच्याशी संबंध नव्हता. गोखले ज्यांच्यासाठी उभे राहिले ती बहुतेक माणसं अवध-भोजपूरकडची, बस्ती, गोंडा, फैजाबाद, आझमगड या जिल्ह्यांतली होती. त्यांतही फिजीला सर्वांत जास्त माणसं गेली बस्ती जिल्ह्यातून. ब्रिज लाल या इतिहासकारानं जहाजांवरचे हजारो परवाने एकेक करून तपासले आणि हे मांडलं. तो स्वतः गिरमिटियाचा नातू, लम्बासाजवळच्या ताबियात वाढलेला. ब्रिज लालचं लिखाण मी वाचलं होतं आणि त्यातला ‘बस्ती’ हा शब्दही वाचला होता. आमच्या गल्लीतला इस्त्रीवाला बस्ती जिल्ह्यातला होता हेही मला ठाऊक होतं. या दोन गोष्टी माझ्या डोक्यात वीस वर्षं शेजारी राहिल्या आणि त्यांची एकमेकींशी कधी गाठ पडली नाही.

ती पडली ऑकलंडला, मे २०२३ मध्ये. मुलीच्या बाळंतपणासाठी आम्ही दोघं पापाटोएटोए या उपनगरात चार महिने राहिलो. तिथे फिजीहून आलेल्या भारतीय वंशाच्या लोकांची मोठी वस्ती आहे. शेजारी सत्तरीचे गृहस्थ होते. त्यांना सगळे चाचा म्हणत, मीही म्हणू लागलो. संध्याकाळी ते गॅरेजमध्ये चटई टाकून बसत आणि पुढ्यात ‘नगोना’चं लाकडी पातेलं ठेवत. यांगोना नावाच्या झुडपाची मुळी कुटून, फडक्यातून पाण्यात पिळून केलेलं हे मातकट रंगाचं पेय असतं. पिण्याआधी एकदा टाळी वाजवायची, ‘बुला’ म्हणायचं, नारळाची करवंटी एका दमात रिकामी करायची आणि मग तीन टाळ्या. जीभ थोडी बधिर होते. ही रीत मूळ फिजीवासीयांची, ताउकेईंची. ज्या लोकांनी चाचांना घरातून उठवलं असं मी समजत होतो, त्यांच्याच रीतीनं चाचा दररोज टाळ्या वाजवत होते.

त्यांचं शेत वानुआ लेव्हू बेटावर, लम्बासाच्या साखर कारखान्याच्या पट्ट्यात होतं. आजोबांपासून ऊस. जमीन खंडानं घेतलेली, कारण फिजीत जमीन विकत मिळणं जवळपास अशक्यच. सुमारे ८७ टक्के जमीन ताउकेईंच्या कुळांच्या सामाईक मालकीची आहे आणि कायद्यानं ती विकता येत नाही. १९७६ च्या कायद्यानं खंडाची मुदत तीस वर्षं केली आणि १९९७ पासून जुने करार संपू लागले. चाचांचा २००१ मध्ये संपला. कुळानं तो पुढे चालवला नाही.

घर त्यांचं होतं, जमीन नव्हती. म्हणून त्यांनी घर उचललं. आधी छपराचे पत्रे काढले आणि खिळे सरळ करून डब्यात भरले. मग फळ्या, मग खांब. चौथरा तेवढा राहिला. हे सांगताना चाचा हातानं खिळा सरळ करून दाखवायचे, अंगठ्याखाली धरून, हातोडी हलकेच मारत. मी उसासा टाकून म्हटलं, केवढा अन्याय! माझ्या २००० च्या अग्रलेखाचा सूर तोंडात तयारच होता.

चाचांनी करवंटी खाली ठेवली. “जमीन तो ऊ लोग के रहा, भैया,” ते म्हणाले. जमीन त्यांचीच होती. मग सांगितलं ते असं : निघायच्या दिवशी त्या कुळातली म्हातारी बाई टोपलीभर अळूचे कांदे आणि स्वतः विणलेली चटई घेऊन आली आणि चाचांच्या बायकोच्या गळ्यात पडून रडली. करार न वाढवणाऱ्यांत तिचा मुलगाही होता. त्याला ऊस लावायचा होता. दोन हंगाम त्यानं लावला, मग रान माजलं. चाचांना त्या मुलाचा राग होता, म्हातारीचा नव्हता, आणि जमीन कुणाची याबद्दल मनात काही गोंधळ नव्हता. पत्रे काढणाऱ्या माणसाला दोन्ही बाजू ठाऊक होत्या आणि मुंबईत बसून लिहिणाऱ्या मला एकच.

दुसरी बाजू मी मुद्दाम वाचायला घेतली ती त्यानंतर. वयाच्या सहासष्टाव्या वर्षी, मुलीच्या घरी, रात्री बाळ रडून जाग आली की. १० ऑक्टोबर १८७४ रोजी लेवुकात थाकोंबाऊ आणि इतर सरदारांनी बेटं ब्रिटनच्या स्वाधीन केली. थाकोंबाऊ पाहुणा म्हणून सिडनीला जाऊन आला. पुढच्या जानेवारीत त्याला परत आणणाऱ्या ब्रिटिश युद्धनौकेवरून गोवर बेटांवर उतरला. स्वागताला जागोजागचे सरदार जमले होते, ते तो घेऊन आपापल्या गावी गेले. काही महिन्यांत चाळीस हजारांच्या आसपास माणसं मेली, लोकसंख्येचा चौथा हिस्सा किंवा त्याहूनही जास्त. ज्या घरात सगळेच एकदम आजारी पडले तिथे पाणी द्यायलाही कुणी नव्हतं. १९२१ च्या जनगणनेत ताउकेई ८५ हजारांच्याही आत होते आणि हा समाज नामशेष होणार असं गोरे अधिकारी सहज बोलत.

गोवरामागोमाग आले पहिले गव्हर्नर सर आर्थर गॉर्डन. आधी त्रिनिदाद आणि मॉरिशसला गव्हर्नर होते. भारतीय मजुरांवर उसाचे मळे कसे चालतात हे त्यांनी दोन्हीकडे पाहिलं होतं. मॉरिशसच्या मळ्यांत तर आमच्या कोकणातली माणसंही होती. गॉर्डननी फिजीत दोन गोष्टी केल्या : ताउकेईंची जमीन विकायला बंदी घातली आणि त्यांना मळ्यांवर जुंपायचं नाही असं ठरवलं. मळे तर चालवायचे होते. म्हणून लिओनिदास. ज्या धोरणानं ताउकेईंची जमीन वाचली त्याच धोरणानं गिरमिटिया त्या बेटावर उतरला. एकाला राखलं ते दुसऱ्याला राबवून. दोघांपैकी कुणालाच विचारलं नव्हतं. कुंतीला कुणी विचारलं नाही तसंच गोवरात घरातली निम्मी माणसं गेलेल्या ताउकेईलाही कुणी विचारलं नाही, की तुमच्याकडे साठ हजार माणसं आणू का?

१९४६ च्या जनगणनेत भारतीय वंशाचे लोक ताउकेईंपेक्षा जास्त भरले. त्या आकड्यानं ताउकेईंच्या पोटात काय झालं असेल हे मला कळायला हवं होतं. मुंबईत जनगणनेचे भाषावार आकडे आले की माझ्याच पोटात ते होतं. पण फिजीतल्या त्या भीतीला मी अग्रलेखात ‘वंशद्वेष’ म्हटलं, आणि आमच्या भीतीला ‘अस्मिता’.

त्यांच्या भाषेत दोन शब्द आहेत, ताउकेई आणि वुलांगी. ताउकेई म्हणजे जमिनीचा धनी, वुलांगी म्हणजे पाहुणा. पाहुण्याला मान मिळतो, जेवण मिळतं, पण घराचा कारभार तो करत नाही. चार पिढ्या उलटल्या तरी पाहुणा पाहुणाच राहतो का, हा फिजीच्या राजकारणातला खरा पेच. १९९० च्या राज्यघटनेनं त्याचं उत्तर ‘हो’ असं दिलं आणि पंतप्रधानपद ताउकेईंसाठी राखून ठेवलं. पुढे तीन जणांच्या आयोगानं दुसरं उत्तर शोधलं. त्यात न्यूझीलंडचे सर पॉल रीव्हज, ताउकेईंचे कडवे पुरस्कर्ते तोमासी वाकातोरा आणि ब्रिज लाल होते. त्यांचा १९९६ चा अहवाल एकमतानं झाला. त्यातून १९९७ ची राज्यघटना आली, त्यातून १९९९ मध्ये महेंद्र चौधरी पंतप्रधान झाले, आणि वर्षभरातच जॉर्ज स्पाइट बंदूकधारी घेऊन संसदेत शिरला. ओलीसनाट्य ५६ दिवस चाललं. मुआनीवेनी भागातल्या शेतकऱ्यांची घरं लुटली गेली आणि ती कुटुंबं लाउतोकाच्या गिरमिट केंद्रात आश्रयाला आली. त्या दिवसांत मी जो संताप लिहिला तो खरा होता. तो मी मागे घेत नाही. माणसांना घरातून हुसकणं वाईट होतं आणि वाईटच आहे.

पण मग २००६ चं कात्रण येतं. त्या डिसेंबरमध्ये लष्करप्रमुख फ्रँक बैनिमारामा यांनी निवडून आलेलं सरकार हटवलं. या खेपेस बंड करणारा म्हणत होता की मी सगळ्या वंशांच्या समान हक्कांसाठी आलो आहे. मी लिहिलं : ‘मार्ग आक्षेपार्ह असला तरी भारतीय वंशाच्या नागरिकांना दिलासा मिळेल’. १९८७ चं बंड हा लोकशाहीचा खून होता, २००० चं तर होतंच, आणि २००६ चा फक्त मार्ग आक्षेपार्ह! आपल्याकडचं सरकार पाडलं की रणगाडा दिसतो, त्यांच्याकडचं पाडलं की दिलासा दिसतो. २००९ मध्ये त्या राजवटीनं राज्यघटना रद्द केली आणि वृत्तपत्रांच्या कचेऱ्यांत सेन्सॉर बसवले. वृत्तपत्रात आयुष्य काढलेल्या मी त्यावर एक ओळही लिहिली नाही. त्याच वर्षी त्यांनी ब्रिज लालना देशाबाहेर काढलं, लष्कराविरुद्ध बोलले म्हणून. गिरमिटियाच्या त्या नातवाला पुढे जन्मभूमीत पाऊल टाकू दिलं नाही. डिसेंबर २०२१ मध्ये ते ब्रिस्बेनला गेले. त्यांच्या पुस्तकावर मी माझे अग्रलेख उभे केले होते. ज्यांनी त्यांना हद्दपार केलं त्यांना मी शाबासकीचा शब्द देऊन बसलो होतो.

आता तिसरं कात्रण. हे सगळ्यांत जवळचं आहे, म्हणून त्याच्याकडे यायला मी इतका वेळ घेतला.

दादरला आमची चाळ आहे. माझे आजोबा राजापूरकडच्या एका खेड्यातून मुंबईला आले ते गिरणीत साच्यावर लागले. दहा बाय बाराच्या खोलीत गावचे अकरा जण पाळीपाळीनं झोपायचे आणि जेवायला खाणावळ. ते आले तेव्हा या बेटाचे मूळ धनी कोळी होते, भंडारी होते, आगरी होते. त्यांच्या दृष्टीनं आजोबा वुलांगीच. ही गोष्ट आमच्या घरात अभिमानानं सांगितली जाते, कष्टाची गोष्ट म्हणून. आमचे आजोबा भूमिपुत्र कधी झाले, कोणत्या साली, याचा विचार घरात कुणी केलेला मला आठवत नाही. मीही केला नाही, आणि तो शब्द मात्र मथळ्यात वापरला.

चाळीच्या जिन्याखाली इस्त्रीचं टेबल होतं. तिथे उभा असायचा तो बस्ती जिल्ह्यातला. आमच्याकडे चोवीस वर्षं इस्त्री करत होता. पितळी इस्त्रीत कोळसा भरायचा, तोंडानं फुंकर घालायचा, आणि माझ्या शर्टाची कॉलर आधी उलट्या बाजूनं दाबायचा कारण मला ती कडक लागे. त्याच्या मुलीच्या लग्नाला मी पाचशे एक रुपये दिले होते.

फेब्रुवारी २००८ मधली संध्याकाळ. सहा-सात पोरं गल्लीत शिरली. त्यांतली दोन आमच्याच वाडीतली, मी त्यांना शाळेत जाताना पाहिलेलं. त्यांनी टेबल उलटं केलं. निखारे फरशीवर सांडले. कपड्यांचा गठ्ठा गटारात गेला, त्यात आमचेही कपडे होते. एकानं त्याच्या कानाखाली मारली, मग दुसऱ्यानं. तो पळाला नाही. खाली वाकून निखारे पायानं कपड्यांपासून दूर सारत होता. लोकांचे कपडे जळू नयेत म्हणून.

मी दुसऱ्या मजल्यावर गॅलरीत उभा होतो. हातात चहा होता. खाली जायला पंचवीस पायऱ्या. ती पोरं मला ओळखत होती, ‘काका’ म्हणत होती. मी नुसतं वरून नावानं हाक मारली असती तरी, माझी खात्री आहे, ती थांबली असती. मी हाक मारली नाही. घाबरलो होतो असं बायकोला सांगितलं, पण ते खरं नव्हतं. मनाच्या एका कोपऱ्यात मला वाटत होतं की होऊ दे, यांना एकदा कळू दे. रात्री कचेरीत जाऊन मी ‘संयमाचा अंत’ लिहिलं.

मुंबई आणि फिजी एक नाहीत हे मला कळतं. तो देशातल्या देशात आला होता. राज्यघटनेनं त्याला हा हक्क दिला आहे, कुणाच्या गिरमिटावर तो आला नव्हता. आणि मराठीची काळजी मला आजही आहे. आपल्याच शहरात दुकानदारानं मराठीत उत्तर न देणं मला आजही झोंबतं, ते झोंबणं खोटं नाही. ताउकेईंची भीतीही खोटी नव्हती. दोन्ही भीती खऱ्या धरूनही तो खाली वाकलेला माणूस डोळ्यांपुढून हलत नाही. माझ्या भीतीची किंमत त्याच्या कानाखाली वसूल झाली आणि मी पावती लिहून दिली.

१४ मे २०२३, रविवार. सुव्हात मेथॉडिस्ट चर्चनं भरवलेली प्रार्थनासभा चाचा टीव्हीवर पाहत होते. मीही जाऊन बसलो. पडद्यावर राबुका, आता पंचाहत्तरीच्या घरातले. डिसेंबर २०२२ मध्ये ते निवडून येऊन पुन्हा पंतप्रधान झाले होते आणि गिरमिट दिनाची सुट्टी त्यांच्या सरकारनं सुरू केली होती. छत्तीस वर्षांपूर्वी जे केलं त्याची त्यांनी स्वतःच्या आणि आपल्या साथीदारांच्या वतीनं भारतीय वंशाच्या लोकांपुढे जाहीर कबुली दिली आणि क्षमा मागितली. मी चाचांकडे पाहिलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “माफी मांगिस, अच्छा करिस. लेकिन देर करिस. हमार बाप नहीं सुनिस.” वडील ऐकायला राहिले नाहीत. चाचांनी टीव्ही बंद केला आणि टाळी वाजवून करवंटी माझ्यापुढे केली.

बंडखोराला जे जमलं ते मला का जमू नये, या विचारानं मी त्या रात्री झोपलो नाही. राबुकांच्या माफीमागे राजकारण असेलही. मतं हवी असतील. तरी ते उभे राहिले आणि ‘मी’ म्हणाले. माझ्या फाइलीत एकही दुरुस्ती नाही. पस्तीस वर्षांत मी आडनावांच्या आणि आकड्यांच्या चुकांचे खुलासे छापले. या तीन कात्रणांचा खुलासा कधी छापला नाही.

मुंबईला परतल्यावर कात्रणं काढली ती यासाठी. पण छापून कुणाला सांगणार? ज्याला सांगायचं तो जिन्याखाली नव्हता. २०२० च्या टाळेबंदीत तो गावी गेला, थोडा पायी, थोडा ट्रकमधून, आणि परत आलाच नाही. टेबलावर आता त्याचा पुतण्या असतो, विजेची इस्त्री घेऊन. त्याच्याकडून नंबर घेतला. तो नंबर पाच आठवडे माझ्या खिशात होता.

शेवटी एका दुपारी फोन लावला. मी नाव सांगितलं. त्यानं लगेच ओळखलं, कितव्या नंबरची खोली तेही म्हणाला. तब्येत विचारली. गहू कापायचं चाललं होतं, मागे थ्रेशरचा आवाज येत होता. मी अडखळत त्या संध्याकाळचं बोलायला लागलो. माझं हिंदी तसं बरं आहे, पण त्या दिवशी एक वाक्य धड होईना. तेव्हा मी खाली यायला हवं होतं, मी आलो नाही, मला माफ करा, एवढं म्हटलं.

थ्रेशर बराच वेळ ऐकू येत राहिला.

“आप ऊपर खड़े थे,” तो म्हणाला. “हमने देखा था.”

मी काही बोललो नाही. त्यानं विचारलं, बाईंचे गुडघे आता कसे आहेत, जिना चढता येतो का?